चार नंबरचा डहाळा

सोलापुरात नवी पेठेतल्या ज्या दुकानात बायका टिकल्या-बांगड्यांसाठी गर्दी करतात, तिथं प्रभुलिंग कलशेट्टी दर महिन्याला बिनरंगी नेलपॉलिशच्या चार बाटल्या घ्यायचा. वय सेहेचाळीस, कपाळावर विभूतीची तीन बोटं, पायात जाड चामडी चपला. दुकानातली मुलगी पहिल्या वर्षी तोंड लपवून हसली. मग तिला सवय झाली आणि तो पायरी चढताना दिसला की ती न विचारता बाटल्या काढून ठेवू लागली.

पॉलिश पानांसाठी होतं. अक्कलकोट रस्त्याला शहर संपल्यावर माळावर कोरडवाहू पिकांचं एक संशोधन केंद्र आहे. प्रभुलिंग तिथल्या प्रयोगशाळेत कामाला होता. पानाच्या पाठीवर पॉलिशचा पातळ हात द्यायचा, वाळू द्यायचं, वर चिकटपट्टी लावून अलगद सोलायचं. पट्टीवर पानाच्या कातडीचा ठसा उतरतो. तो सूक्ष्मदर्शकाखाली धरला की पानाची रंध्रं दिसतात. त्यांतूनच पान हवा आत घेतं आणि पाणी बाहेर सोडतं. ती मोजायची आणि आकडा लिहायचा. अठरा वर्षं तो हेच करत होता आणि त्याला त्याचा कंटाळा आला नव्हता. मोजलेल्या गोष्टीवर भांडण होत नाही, असं त्याचं म्हणणं होतं.

केंद्राच्या प्रमुख ऋतुजा मॅडमनी तीन वर्षांपूर्वी रानात चार चेंबर उभे केले. पारदर्शक प्लॅस्टिकच्या गोल भिंती, वर मोकळं आभाळ, आत हरभरा. बाहेरच्या हवेत आज दहा लाख भागांत सव्वाचारशेच्या आसपास भाग कार्बन डायऑक्साइड असतो. चार नंबरच्या चेंबरमध्ये टाकीतून वायू सोडून तो सातशेवर ठेवत. असाच धूर निघत राहिला तर आपल्या नातवंडांना जी हवा मिळेल ती आजच करून बघायची, एवढाच उद्देश.

चार नंबरचा हरभरा दृष्ट लागण्यासारखा आला. बाहेरचा गुडघ्याला लागेना, हा मांडीपर्यंत. पण ठसे घेतल्यावर रंध्रं कमी भरली. वायू मुबलक मिळतो म्हटल्यावर पान कशाला एवढी तोंडं उघडी ठेवील? तोंडं कमी म्हणून पाणी कमी उडतं, पाणी कमी उडालं की पान थंड होत नाही, तापून राहतं. दाणा टपोरा, पण तपासणीत लोह कमी, जस्त कमी, प्रथिनं कमी. पोट भरावं आणि अंगाला काही लागू नये, असला दाणा. हे सगळं जगभर छापून आलेलं होतं आणि प्रभुलिंगनं ते वाचलेलंही होतं.

चेंबरमधलं पीक वजन झालं की खड्ड्यात जाळायचं असा नियम होता. रजिस्टरमध्ये ‘नष्ट केले’ असं लिहून खाली सही प्रभुलिंगची. आणि खोट झाली ती इथंच.

डिसेंबरात येळवस आली. या भागात येळवशीच्या अमावस्येला सगळ्यांचं जेवण रानात असतं. कडब्याची खोप करायची, चुन्यानं रंगवलेले पाच दगड पांडव म्हणून मांडायचे, आंबील शिंपत शेताला फेरी घालायची. आणि भज्जी करायची, जिच्यात रानात उभं असलेलं झाडून सगळं हिरवं पडतं. केंद्रातले लोकही हा सण दरवर्षी बांधावर करत. भज्जीची कढई ईरप्पाच्या बायकोकडे, रत्नम्माकडे. ईरप्पा केंद्राचा सगळ्यांत जुना मजूर, साठीला टेकलेला, मूळचा अक्कलकोटकडचा.

चार नंबरसमोर तो विळा घेऊन उभा राहिला आणि म्हणाला, “सायेब, ह्यातला डहाळा बी पडू द्या की भज्जीत.”

“ते जाळायचं असतंय, ईरप्पा. माहीत आहे ना तुला?”

“अन्न जाळायचं? आन् ते बी येळवशीला?” ईरप्पानं कानाच्या पाळ्या धरल्या. “रानात उभं हाय ते सोडून भज्जी केली तर रान रागावतंय. तुमाला म्हाईत न्हाय व्हय?”

प्रभुलिंगला माहीत होतं. त्याच्या आईनं आयुष्यभर हेच सांगितलं होतं. हरभरा हा हरभराच, त्यात विष थोडंच आहे, हेही त्याला माहीत होतं. त्यानं मान डोलावली आणि कापलेल्या डहाळ्यापुढं रजिस्टरमध्ये ‘नष्ट केले’ लिहिलं.

त्या दिवशी त्याची बायको सिद्धेश्वरी आणि अकरा वर्षांची मुलगी अक्षता रानात जेवायला आल्या होत्या. भज्जी सगळ्यांनी घासदोनघास खाल्ली. अक्षता मात्र डहाळ्याची, म्हणजे घाट्यांनी भरलेल्या ओल्या हरभऱ्याची पेंढी मांडीवर घेऊन खोपीच्या सावलीत बसली आणि घाटे सोलून हिरवे दाणे तोंडात टाकत राहिली. संध्याकाळी तिची बोटं हरभऱ्याच्या आंबेनं, पाल्यावरच्या आंबट रसानं चिकट झाली होती. “पप्पा, असला गोड डहाळा मी कधी खाल्लाच नाही,” ती म्हणाली. मग जानेवारीभर प्रभुलिंग डब्याच्या पिशवीतून तिच्यासाठी चार नंबरचा डहाळा आणत राहिला. त्याला आणि सिद्धेश्वरीला हरभऱ्यानं पोट धरायचं, म्हणून ते दोघं खात नसत. वाळल्यावर उरलेलं पोतं ईरप्पानं नेलं आणि रजिस्टरमध्ये पुन्हा ‘नष्ट केले’ पडलं. रत्नम्माला हरभऱ्यानं वात व्हायचा. तिनं “बेडा री, मला नको” म्हणून हात झटकले आणि पोतं ईरप्पानं एकट्यानं संपवलं.

फेब्रुवारीत अक्षता वाढायला लागली. सिद्धेश्वरी घरी शिवणकाम करायची, तिच्या नजरेतून मापं सुटत नसत. तिनं शाळेच्या फ्रॉकची दुमड एका महिन्यात तीनदा उसवली. पोरीची वेणी मनगटाएवढी झाली. नखं आठवड्यातून दोनदा कापावी लागत. शेळगीतल्या त्यांच्या गल्लीत बायका थांबून म्हणायच्या, “काय वाढलीय गं पोरगी! काय घालतीस खायला?” सिद्धेश्वरी मीठ-मिरच्या ओवाळून टाकायची आणि मनातून सुखावायची.

मार्चमधल्या एका दुपारी प्रभुलिंग तिला स्कूटरवरून शाळेतून घरी आणत होता. ऊन चाळिशीला टेकलं होतं. त्याचा शर्ट पाठीला चिकटला होता आणि भुवयांवरून घाम डोळ्यांत उतरत होता. घरी उतरल्यावर त्यानं तिच्या कपाळावर हात ठेवला. कपाळ तापलेलं होतं आणि कोरडं ठाक होतं. मानेवर, काखेत, केसांच्या मुळाशी घामाचा थेंब नव्हता.

“बरं वाटत नाही का गं?”

“मस्त वाटतंय की, पप्पा.”

थर्मामीटरनं एकशेएक दाखवला. डॉक्टरांनी रक्त तपासलं. लोह कमी, जस्त कमी. “खाते ना नीट?” त्यांनी विचारलं. “लई खाती हो, डॉक्टर. चार भाकरी खाऊन परत भूक भूक करती,” सिद्धेश्वरी म्हणाली. डॉक्टरांनी गोळ्या लिहून दिल्या आणि उन्हात पाठवू नका असं सांगितलं.

प्रभुलिंगनं त्या रविवारी जे केलं ते दुसऱ्या कुठल्या बापाला सुचलं नसतं. त्यानं पॉलिशची बाटली काढली. अक्षतानं हौसेनं नखं पुढं केली, त्यानं हात उलटा केला आणि बोटाच्या पेरावर पातळ थर दिला. पट्टी लावून ठसा उचलला. मग सिद्धेश्वरीचा घेतला आणि स्वतःचा घेतला. माणसाच्या बोटावरच्या रेषांतही घामाची रंध्रं असतात, बारीक ठिपक्यांची रांग असावी तशी.

सोमवारी त्यानं मोजलं. एका दृष्टिक्षेत्रात त्याची स्वतःची चौदा. सिद्धेश्वरीची तेरा. अक्षताची सहा.

त्यानं काच पुसली आणि पुन्हा मोजलं. सहाच. झाडाचंसुद्धा असं होत नाही, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. जुन्या पानाची रंध्रं जागेवरच राहतात, नवं पान कमी रंध्रं घेऊन येतं. आणि माणूस तर जन्मताना जेवढी घेऊन येतो तेवढीच. पोरीचं बोट काही नव्यानं फुटलेलं नव्हतं.

दुपारी त्यानं ईरप्पाला आत बोलावलं आणि त्याचा अंगठा धरला.

“माझ्यात काय मोजतायसा? मी काय पान हाय?” ईरप्पा हसला. त्याचा सदरा सकाळपासून खुरपून आल्यावरही वाळत घातल्यासारखा कोरडा होता. पांढऱ्या मिशीखाली त्याची हनुवटी तुकतुकीत दिसत होती.

“घाम येत नाही का रे तुला?”

“म्हैना झाला, न्हाय. बरंच हाय की! कापडं धुवायला नगं.” मग त्यानं खिडकीतल्या उन्हाकडे तोंड वळवलं. “पर सावलीत जीव घाबरा हुतोय, सायेब. घरात बसवत न्हाय.”

त्याची रंध्रं चार भरली.

प्रभुलिंगला भीती वाटली, ती तेव्हा पहिल्यांदा. सोलापूरच्या एप्रिलमध्ये घाम न येणारं माणूस किती दिवस काढील, याचा हिशेब त्याला कुणी शिकवायला नको होता. मुलीचा पुढचा उन्हाळा कसा जाणार, एवढा एकच विचार त्याच्या डोक्यात राहिला.

एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यात पारा त्रेचाळीसवर गेला. दुपारी एकला रानात चिटपाखरू नव्हतं. प्रभुलिंग खिडकीपाशी काचा पुसत होता, तेव्हा त्याला चार नंबरमध्ये कुणीतरी दिसलं. पीक निघून अडीच महिने झाले होते, वायूची नळीही काढून ठेवलेली. आत ईरप्पा उभा होता. टोपी नाही, चपला नाहीत. रिकाम्या वाफ्याला त्यानं पाणी सोडलं होतं आणि त्या चिखलात घोट्यापर्यंत पाय रोवून तो सूर्याकडे तोंड करून उभा होता.

“ईरप्पा! बाहेर ये!”

“हितं बरं वाटतंय,” तो म्हणाला. त्यानं डोळे उघडले नाहीत.

अंगाला हात लावला तर चटका बसला. तिघांनी मिळून त्याला चिखलातून काढला. तो जड नव्हता, पण निघायला वेळ लागला.

दवाखान्यात उष्माघाताचं जे करायचं ते सगळं रीतसर केलं. थंड खोली, ओल्या चादरी, सलाइन, खिडक्यांना जाड पडदे. ताप उतरला. ईरप्पाही उतरला. पहिल्या दिवशी बोलत होता, दुसऱ्या दिवशी मान धरेना. पडद्याच्या फटीतून उन्हाची एक तिरीप आत येई, तिकडे त्याचं तोंड असे. नर्सनं पलंग फिरवून ठेवला. दोन तासांनी तोंड पुन्हा फटीकडे होतं. तिसऱ्या दिवशी दुपारी तो गेला.

“लई म्हनत हुतं, पडदा सारा, उनात न्या म्हनून,” रत्नम्मानं प्रभुलिंगला सांगितलं. ती रडत नव्हती, कसलंतरी कोडं घातल्यासारखी त्याच्याकडे बघत होती. “मी डॉक्टरला सांगितलं न्हाय. म्हटलं, तापानं बरळतंय. सांगाया पायजे हुतं का, सायेब?”



दुसऱ्या दिवशी प्रभुलिंग काचपट्ट्या घेऊन ऋतुजा मॅडमकडे गेला. त्यांनी डोळा लावून शांतपणे बघितलं, आकडेही बघितले.

“ठसा नीट उतरला नसेल, कलशेट्टी. कोरड्या कातडीवर नाही उतरत कधीकधी.”

“हरभऱ्याचं काही असेल का, मॅडम? चार नंबरच्या?”

“त्याचा काय संबंध? तो आपण नष्ट केला ना? तुमची सही आहे.” त्यांनी मान वर करून त्याच्याकडे पाहिलं. सांगायची वेळ होती ती हीच. प्रभुलिंगनं काचपट्ट्या रुमालात गुंडाळल्या, “हो मॅडम” म्हटलं आणि बाहेर आला. पुढं बरेच दिवस त्याला स्वतःची लाज वाटत राहिली.

घरी अक्षता अंधाऱ्या खोलीत होती. ताप एकशेदोनवर गेल्यावर डॉक्टरांनीच सांगितलं होतं, कूलर लावा, पडदे ओढा, सुट्टी संपेपर्यंत उन्हाचं तोंड नको. सिद्धेश्वरीनं खिडकीवर दुहेरी चादर बांधली होती. चार दिवसांत पोरगी उतरली. मनगटाएवढी वेणी उशीवर मलूल पडली. ओठांचा रंग गेला. हाक मारली तर ती डोळे उघडायची, पण मान उचलत नसे.

पाचव्या दिवशी प्रभुलिंग खोलीत गेला, तेव्हा अक्षताचं तोंड चादरीच्या फटीकडे होतं.

त्यानं कूलर बंद केला. चादर सोडली. दुपारचं ऊन फरशीवर सांडलं.

“डोकं फिरलंय का तुमचं?” सिद्धेश्वरी धावत आली. “डॉक्टरनी काय सांगितलंय!”

“ईरप्पाला सावलीत ठेवलं होतं.”

“तो म्हातारा होता!”

“त्याच्यात चार होती,” प्रभुलिंग म्हणाला. “काल हिच्यात तीन भरली.”

पदर तोंडाला लावून ती स्वयंपाकघरात गेली. तिनं त्याला अडवलं नाही.

त्यानं अक्षताला उचलून उन्हात पाटावर बसवलं. परातीत पाणी ओतून तिचे पाय त्यात ठेवले. हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं.

अर्ध्या तासात तिनं मान उचलली. तासाभरात ओठांवर रंग आला. ती डोळे मिटून, हनुवटी वर करून बसली होती आणि परातीतलं पाणी दोन बोटं उतरलं होतं.

प्रभुलिंग स्टूल घेऊन भिंतीपाशी बसला. बाहेर धुळीचा वारा होता म्हणून खिडकीची काच आणि दार दोन्ही बंद होती. पिशवीत केंद्रातलं हवा मोजायचं यंत्र होतं, हातात मावणारं, पट्टीवर आकडा दाखवणारं. काहीतरी मोजल्याशिवाय त्याला बसवेना. त्यानं ते मांडीवर घेतलं आणि चालू केलं.

नऊशे दहा.

बरोबर होतं. बंद खोलीत माणसं असली की कार्बन डायऑक्साइड साठतो. दोघांच्या श्वासांनी हा आकडा आता चढत जाणार, हे कुणीही सांगितलं असतं.

आठशे साठ.

त्यानं यंत्र झटकलं, पुन्हा धरलं. सातशे नव्वद. सातशे पाच.

दार बंद होतं. त्यानं उठून बघितलं, खिडकीचीही कडी लागलेली होती.

पाचशे. चारशे साठ. चारशे पंचवीस, म्हणजे बाहेरच्या हवेइतका. इथं तरी थांबायला हवा होता.

तीनशे नव्वद.

तीनशे सदतीस. त्याच्या जन्माच्या वर्षी हवेत एवढाच होता, हे त्याला पाठ होतं.

तीनशे पाच. त्याचा आजा जन्मला तेव्हाचा.

दोनशे ऐंशी. जगात एकही गिरणी नव्हती तेव्हाचा.

अक्षताच्या कपाळावर आठी पडली. तिनं मान उन्हातून थोडी वळवली, त्याच्या दिशेनं. नाकपुड्या हलल्या. डोळे मिटलेलेच होते.

“पप्पा,” ती म्हणाली, “जरा जवळ येऊन श्वास सोडा की. तिथनं पुरत नाही मला.”

प्रभुलिंगनं स्टूल तिच्या गुडघ्याला लागेल इतकं पुढं ओढलं. मग दाराकडे तोंड करून त्यानं सिद्धेश्वरीलाही हाक मारली.